रेघ मारा, पण बाजू सांगा

गणितात बरोबरचे चिन्ह सगळ्यांना आवडते. उत्तर एकच, खाली दोन रेघा मारल्या की झालो मोकळे! परंतु माझे मत असे आहे की, 'पेक्षा लहान' आणि 'पेक्षा मोठे' ही चिन्हे जास्त कामाची आहेत. ती थॉमस हॅरियट यांच्या १६३१ साली छापलेल्या पुस्तकात आली. पण आपण ती नुसती दोन संख्यांच्या मध्ये लिहितो आणि सोडून देतो.

समजा, आईने २० रुपये दिले. पेन्सिल ५ रुपयांना आणि पेन १० रुपयांना. काय काय घेता येईल? माझी ताई बारावीला आहे. तिने मला हे आलेखावर दाखवले. आपली चौकटीची वही घ्यावी. खालची आडवी रेघ पेन्सिलींची, डावीकडची उभी रेघ पेनांची. दोन्ही भेटतात तिथे शून्य. नुसत्या ४ पेन्सिली हा एक ठिपका. २ पेन्सिली व १ पेन हा दुसरा. नुसते २ पेन हा तिसरा. तिन्ही ठिपके एका सरळ रेघेत येतात! त्या रेघेवर २० रुपये बरोबर संपतात. रेघेच्या वर गेलो की पैसे पुरत नाहीत. ३ पेन्सिली व १ पेन यांचे २५ रुपये होतात. मग आपली बाजू कोणती? शून्यावर बोट ठेवा. काहीच घेतले नाही तर खर्च ०, म्हणजे २० च्या आत. म्हणून शून्याकडची बाजू आपली. ती रंगवायची. मी मोजले, शून्य आणि रेघ धरून ९ ठिपके होतात. एका गणिताची ९ उत्तरे, आणि सगळी बरोबर!

आता रेघेवरचे ठिपके आत की बाहेर? ताई म्हणते, रेघ धरायची असेल तर सलग काढतात, नसेल धरायची तर तुटक. खेळातही असेच आहे. क्रिकेटमध्ये सरपटत गेलेला चेंडू सीमारेषेला लागला की चौकार, म्हणजे बाहेर. व्हॉलीबॉलमध्ये चेंडू रेघेवर पडला तर आत. पण नियम आधीच सांगितलेला असतो, म्हणून भांडण होत नाही.

मोठी माणसे मात्र कधी कधी रेघ मारतात आणि हे सांगतच नाहीत. एका ठिकाणी धावण्याच्या शर्यतीला 'दहा वर्षांपर्यंत' असे लिहिले होते. माझ्या मैत्रिणीला दहा पूर्ण होऊन दोन महिने झाले होते. एक जण म्हणाले चालते, दुसरे म्हणाले नाही चालत. शेवटी तिला रांगेत उभेच राहू दिले नाही. पळण्यात ती आम्हा सगळ्यांच्या पुढे असते. घरी येईपर्यंत ती एक शब्द बोलली नाही.

मतदानाचे पाहा. पूर्वी २१ वर्षे लागत, १९८९ पासून १८ झाली. तिथे '१८ वर्षे पूर्ण' असे म्हणतात. 'पूर्ण' हा एवढासा शब्द, पण त्याने वाद मिटतो.

म्हणून मला वाटते, हा आलेख चौथीलाच शिकवावा. कोणी म्हणेल, लहान मुलांना अवघड जाईल. पण लहान-मोठ्याची चिन्हे आम्हाला येतात, ठिपके जोडणे तर बालवाडीपासून येते. मग राहिले काय? रंगवणे! ते तर सर्वांत सोपे.

आणि गुरुजींना एक विनंती. यंदा आपल्या शर्यतींच्या फळ्यावर दहा वर्षे पूर्ण झालेली मुले आत की बाहेर, ते स्पष्ट लिहावे. 'बाहेर' लिहिले तरी चालेल. निदान कुणाला मैदानापर्यंत जाऊन परत यावे लागणार नाही.

(इयत्ता चौथी)