नकाशावरची मोकळी जागा

वाराणसीतील भोसले घाट नागपूरकर भोसल्यांनी अठराव्या शतकात बांधला. पावसाळा सरून पाणी ओसरले, की घाटाच्या पायऱ्यांवरून पैलतीरी रुंद वाळवंट दिसते. पाठीशी दाटीवाटीचे शहर आणि समोर मोकळी जागा, असे हे दृश्य प्रथमदर्शनी वाटते. प्रत्यक्षात गंगेकाठच्या गाळपेर जमिनीत काकडी, कलिंगड, दुधी यांची वेलशेती होते. पैलतीरीच्या रामनगरचे वांगे, म्हणजे तिकडचा ‘भंटा’, तर नावाजलेलाच आहे.

या वांग्याला आणि बनारसी लंगडा आंब्याला २०२३ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. त्याआधी डिसेंबर २०२१ मध्ये काशी विश्वनाथ धामाचे लोकार्पण झाले. रस्ते रुंदावले, वसाहती भोवतालच्या गावांकडे सरकल्या. या दोन्ही घटना विकास म्हणूनच गणल्या जातात; परंतु मानांकन नावाचे रक्षण करते, जमिनीचे नाही. महाराष्ट्रातही हेच दिसते. पुरंदरच्या अंजिराला २०१६ मध्ये मानांकन मिळाले आणि त्याच तालुक्यात विमानतळासाठी भूसंपादनाचा प्रश्न उभा आहे.

शहरालगतची शेती तुकड्यातुकड्यांनी घटते, तेव्हा केवळ क्षेत्र कमी होत नाही. उरलेल्या शेतीचेही गणित बिघडते. वेलवर्गीय पिकांत नर व मादी फुले वेगळी असतात. त्यांचे जड, चिकट पराग वाऱ्याने वाहून जात नाहीत. ते काम मुख्यतः मधमाश्या करतात. एकट्याने राहणाऱ्या अनेक मधमाश्या बांधाच्या न नांगरलेल्या मातीत घरटी करतात. बांध सपाट करून भूखंड पाडले, की शेजारच्या काकडीच्या फळधारणेला त्याची झळ बसू शकते. वांग्याची अडचण निराळी. क्षेत्र आक्रसले की फेरपालट थांबते, वांग्यामागून वांगेच घेतले जाते आणि शेंडा व फळ पोखरणाऱ्या अळीला सतत खाद्य मिळते. मग फवारण्या वाढतात, खर्च वाढतो आणि ‘शेती परवडत नाही’ म्हणून उरलेली जमीनही विक्रीस निघते.

रस्ते, घरे, विमानतळ लागणारच. जमिनीचा योग्य मोबदला मागण्याचा शेतकऱ्याचा हक्कही निर्विवाद आहे. प्रश्न आहे तो कोणती जमीन आधी द्यावी आणि कोणती शेवटपर्यंत राखावी, हा. नियोजनाच्या नकाशात मात्र बारमाही बागायत आणि मुरमाड पडीक यांना बहुधा एकच रंग मिळतो.

महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ नुसार प्रारूप योजना प्रसिद्ध झाल्यावर हरकती व सूचना मागविल्या जातात. त्या वेळी आपल्या गटावरील आरक्षणापुरता विचार होणे स्वाभाविक आहे; पण तेवढा पुरेसा नाही. २०२१ पासूनच्या ई-पीक पाहणीमुळे गटनिहाय पिकांची नोंद उपलब्ध आहे. कृषी सहायक व प्रगतिशील शेतकरी यांनी ती नोंद, विहिरी, मातीची प्रत, ओढे व बांध यांसह गावाचा पीक-नकाशा तयार करून सूचनांच्या मुदतीत सादर करावा. भाजीपाला व फळबागांचे सलग पट्टे अखंड ठेवावेत आणि वसाहती हलक्या जमिनीकडे वळवाव्यात, ही मागणी अशा पुराव्यानिशी करता येते.

हे काम कृषी विस्ताराच्या कक्षेबाहेरचे मानू नये. कीड नियंत्रणाचा सल्ला कितीही अचूक असला, तरी तो अमलात आणण्यासाठी शेत उरलेले असावे लागते.