सरकारी अधिकाऱ्याविरुद्धची तक्रार न्यायालयापर्यंत न्या

सरकारी अधिकाऱ्याकडून अन्याय झाला म्हणजे आपण काय करतो? निवेदन लिहितो, शिष्टमंडळ नेतो. साहेब “चौकशी करतो” म्हणतात आणि आपण समाधानाने घरी परततो. ज्या खात्याविरुद्ध तक्रार, त्याच खात्याच्या हाती तिचा निवाडा सोपविण्याची ही रीत आपणांस फार महाग पडली आहे, असे माझे स्पष्ट मत आहे.

आपल्या मध्य मुंबईचाच इतिहास पाहा. जानेवारी 1974 मध्ये वरळीच्या बी. डी. डी. चाळींत व नायगावात दंगली झाल्या. 10 जानेवारीस परळ येथे मोर्चावर वरून टाकलेल्या दगडाने भागवत जाधव यांचा बळी घेतला. पोलिसांनी पक्षपात केल्याच्या तक्रारी झाल्या. भस्मे आयोग नेमला गेला आणि 1976 साली त्याचा अहवाल आला. परंतु आयोग म्हणजे न्यायालय नव्हे. 1952 च्या चौकशी आयोग कायद्याने त्यास कोणालाही शिक्षा देता येत नाही आणि त्याचे निष्कर्ष सरकारवर बंधनकारक नसतात.

याच्या जोडीला घाटकोपरचे उदाहरण ठेवा. 11 जुलै 1997 रोजी रमाबाई आंबेडकर नगरात पुतळ्याच्या विटंबनेनंतर गोळीबार होऊन 10 जण मृत्युमुखी पडले. गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरविला. तथापि राज्य राखीव पोलीस दलाच्या अधिकाऱ्यास जन्मठेप सुनावली ती 2009 साली सत्र न्यायालयाने. पुढे उच्च न्यायालयाने ती शिक्षा स्थगित करून त्यास जामीन दिला, हेही खरे. परंतु वर्दीतील माणसास आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करण्याचे काम न्यायालयातच होऊ शकले.

मग मार्ग कोणता? तक्रार लेखी द्या. तारखेसह पोच घ्या. पोलीस ठाण्याने नोंद नाकारली तर मुंबईत पोलीस उपायुक्तांकडे टपालाने पाठवा आणि तरीही काही न झाल्यास प्रतिज्ञापत्रासह न्यायालयात अर्ज करा. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ही वाट आखलेली आहे. प्रकरण जातीय अत्याचाराचे असेल, तर 1989 च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याचे कलम 4 अवश्य वाचा. तोंडी फिर्याद लिहून घेणे, ती वाचून दाखविणे, गुन्हा नोंदविणे आणि नक्कल देणे ही अधिकाऱ्याची कर्तव्ये होत. अनुसूचित जाती-जमातीबाहेरच्या अधिकाऱ्याने ती जाणूनबुजून टाळल्यास सहा महिन्यांपासून एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. मात्र आरोप ठेवण्यापूर्वी प्रशासकीय चौकशीची शिफारस लागते. ही अट मला खटकते. कारण येथे तक्रार पुन्हा खात्याच्याच दाराशी जाऊन बसते. म्हणूनच ती चौकशी अडून राहिली, तर संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे.

धर्मांतर केले म्हणून हे संरक्षण गेले, असे कोणी सांगितल्यास विश्वास ठेवू नका. 1990 च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींतील बौद्धांचा अंतर्भाव झालेला आहे. जातीचा दाखला मात्र जपून ठेवा. पुष्कळ खटले त्याच्याच अभावी लंगडे पडतात.

कोणी म्हणेल, कोर्टकचेरी श्रीमंतांची. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने अनुसूचित जातीच्या व्यक्तीस, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळू शकतो. कोणी म्हणेल, विलंब फार होतो. होतो खरा. महाडच्या तळ्याचा 1927 चा वादही उच्च न्यायालयात 1937 साली निकाली निघाला. पण ती दहा वर्षे बाबासाहेबांनी दावा लढणे सोडले नाही, म्हणूनच तळ्यावरील आपला हक्क कायद्याने सिद्ध झाला.

मोर्चे काढू नका, असे मी म्हणत नाही. मोर्चाने सरकारचे लक्ष वेधते. परंतु मोर्चा पांगल्यावर अधिकाऱ्यास उत्तर देणे भाग पाडतो तो न्यायालयात दाखल झालेला कागद. तो कागद तयार करणे हे प्रत्येक कुटुंबाचे कर्तव्य आहे.