पाऊस कोंडणारा तपस्वी

वाहनांना मज्जाव असलेल्या माथेरानला आषाढात गेलेला पाहुणा तांबड्या मातीच्या निसरड्या वाटेवर एकदा तरी घसरतोच. कपडे झटकावेत, हसावे आणि पुढे चालावे, एवढाच तो प्रसंग. जपानच्या प्राचीन ‘नो’ रंगभूमीवरील ‘इक्काकु सेन्निन’ या नाटकातील एकशिंगी तपस्वी मात्र पावसाने भिजलेल्या डोंगरावर असाच घसरला आणि क्रोधाने पेटला. पर्जन्याच्या नागदेवतांना त्याने गुहेत कोंडले; देश दुष्काळात होरपळला. अखेर राजाने धाडलेल्या सुंदरीच्या मद्याने व नृत्याने त्याचे तपोबल गळाले, नाग सुटले आणि मेघ कोसळले.

नाटक जपानी असले तरी कथा आपली आहे. महाभारतातील ऋष्यशृंग तो हाच. पाली जातकांतही तो भेटतो. ही जातके दुर्गाबाई भागवतांनी ‘सिद्धार्थ जातक’ या नावाने मराठीत आणली. पाचव्या शतकाच्या आरंभी कुमारजीवाने चिनी भाषेत उतरवलेल्या एका बौद्ध ग्रंथातून ही कथा पूर्वेकडे गेली आणि कालांतराने जपानी रंगमंचावर उभी राहिली. १७४२ साली ओसाका येथे ती काबुकी नाटकात ‘नारुकामी’ या तपस्व्याच्या रूपाने अवतरली. आर्थर वेली या इंग्रज पंडिताने १९२१ साली नो नाटकांचा अनुवाद प्रसिद्ध केला, त्यात या नाटकाचाही सारांश आहे. वेली यांनी जपान कधीच पाहिला नव्हता. त्यांची सारी साधना ग्रंथांतून झाली.

या कथेचे जैन रूप आचार्य हेमचंद्रांच्या ‘परिशिष्टपर्वा’त आहे. हर्मान याकोबी या जर्मन विद्वानाने हा ग्रंथ संपादित केला. वनात वाढलेल्या वल्कलचीरीला त्याचा थोरला भाऊ राजा प्रसन्नचंद्र तापसवेषातील गणिकांकरवी नगरात आणवतो. तेथे शिंग नाही, शाप नाही, कोंडलेला पाऊसही नाही. वर्षांनंतर वल्कलचीरी पित्याच्या आश्रमी परततो. तेथील जुनी पात्रे पुसता पुसता त्याला पूर्वभवातील मुनिजीवन आठवते आणि केवलज्ञान होते.

एकाचे पतन पाय घसरल्याच्या क्रोधातून झाले, दुसऱ्याचा उद्धार धूळ पुसण्याच्या सावधपणातून. चार प्रकारच्या कषायांत क्रोध पहिला का, हे दोन्ही कथा शेजारी ठेवल्यावर स्पष्ट होते. मात्र त्या शेजारी येण्यासाठी कुणीतरी परकी भाषा शिकावी लागते, पोथी उघडावी लागते. चातुर्मासातील स्वाध्यायात घरच्या कपाटातील एक तरी ग्रंथ यंदा असाच उघडला जावो.