ग्राहकांचा माल गहाण टाकणारी पेढी

हैदराबादची ‘कार्वी स्टॉक ब्रोकिंग’ ही पेढी एके काळी देशातील मोठ्या शेअर दलालांत मोजली जात होती. २०२३ साली तिची नोंदणी रद्द झाली. आपल्या व्यापारी व कारागीर बंधूंपैकी पुष्कळांची आता डीमॅट खाती आहेत, मुलांची बचतही तिकडे वळते आहे. म्हणून ही पेढी कशी वाढली आणि कशाने बुडाली, हे आपण नीट समजून घेतले पाहिजे. बाजारातील मंदीने ती बुडालेली नाही.

१९८३ साली काही चार्टर्ड अकाउंटंटांनी हैदराबादेत कार्वीची सुरुवात केली. कंपन्यांच्या भागधारकांच्या नोंदी ठेवणे, पब्लिक इश्यूचे अर्ज तपासणे या रजिस्ट्रारच्या कामात तिचे नाव झाले. (हे काम पुढे वेगळ्या मालकीच्या कंपनीकडे गेले. तिचा या प्रकरणाशी घोळ करू नये.) १९९६ मध्ये डिपॉझिटरी सुरू झाली, कागदी शेअर जाऊन खात्यावरच्या नोंदी आल्या. कार्वीने दलालीबरोबर डीमॅट खाते, म्युच्युअल फंड, विमा असे सर्व एकाच काउंटरवर ठेवले आणि लहान शहरांपर्यंत शाखा नेल्या. दलाल स्ट्रीट कधी न पाहिलेल्या माणसाला आपल्या गावात शेअर घेता-विकता येऊ लागले. हे काम चांगले होते, त्याचे श्रेय द्यायलाच हवे.

घोटाळा झाला तो मुखत्यारपत्रातून. खाते उघडताना ग्राहक दलालाला मुखत्यारपत्र सही करून देत असे. त्याचा हेतू एवढाच की विकलेले शेअर दलालाला वेळेवर पोहोचवता यावेत. सेबीच्या तपासात आढळले ते असे : या अधिकाराच्या आधारे ग्राहकांचे शेअर पेढीच्या स्वतःच्या नावावरील खात्यात नेले गेले, त्या खात्याची माहिती शेअर बाजाराला दिली नाही, आणि तेथून ते शेअर बँका व वित्त कंपन्यांकडे तारण ठेवून कर्जे उचलली. सप्टेंबर २०१९ अखेर ही कर्जे दोन हजार कोटींहून अधिक होती. एप्रिल २०१६ ते ऑक्टोबर २०१९ या काळात १,०९६ कोटी रुपये समूहातील जमीनजुमल्याच्या कंपनीकडे वळवले गेले होते.

आपल्या धंद्याच्या भाषेत सांगायचे तर, व्यापारी यंत्रमागवाल्याला सूत देतो ते मजुरीवर कापड विणण्यासाठी. सूत मागवाल्याच्या कारखान्यात पडलेले असते, पण मालकी व्यापाऱ्याचीच. उद्या मागवाल्याने तेच सूत सावकाराकडे गहाण टाकून त्या पैशात प्लॉट घेतला, तर भिवंडी-मालेगावात त्याला कोणी दारात उभे करणार नाही. जमिनीचा भाव वाढला असता तर सूत सोडवून परत दिले असते, हा खुलासाही कोणी ऐकणार नाही. अमानतीत खयानत झाली ती गहाण टाकले त्याच दिवशी. नुकसान पुढे झाले की नाही, हा नंतरचा प्रश्न.

२२ नोव्हेंबर २०१९ रोजी सेबीने कार्वीला नवे ग्राहक घेण्यास मनाई केली. २ डिसेंबरला शेअर बाजारांनी तिचे व्यवहार थांबवले, आणि त्याच सुमारास सुमारे ८३ हजार ग्राहकांचे शेअर त्यांच्या खात्यांत परत करण्यात आले. तारणावर कर्ज देणाऱ्या बँका मात्र अडकल्या आणि कोर्टकचेऱ्या सुरू झाल्या. नोव्हेंबर २०२० मध्ये राष्ट्रीय शेअर बाजाराने पेढीला थकबाकीदार ठरवून काढून टाकले. ऑगस्ट २०२१ मध्ये प्रमुख सी. पार्थसारथी यांना अटक झाली. एप्रिल २०२३ मध्ये सेबीने पेढीला व त्यांना सात वर्षे बाजारबंदी केली आणि दोघांना मिळून २१ कोटींचा दंड ठोठावला.

माझे मत असे की दोष एकट्या पेढीचा नाही. ग्राहकांचा पैसा वेगळा ठेवावा हा सेबीचा नियम १९९३ पासून आहे. तरी दलालाने जे खाते दाखवले तेच पाहायचे, न दाखवलेले शोधायचे नाही, अशी तपासणी वर्षानुवर्षे चालली. बँकांनीही दलालाच्या खात्यात एवढे शेअर कोणाचे आले, हे खोदून विचारले नाही. आपण साध्या तारणालाही सात-बारा मागतो!

आता नियम कडक झाले आहेत. १ सप्टेंबर २०२० पासून तारण दिलेले शेअर ग्राहकाच्या स्वतःच्या खात्यातच राहतात, आणि तारणाला ग्राहकाची संमती लागते. २०२२ पासून जुन्या मुखत्यारपत्राऐवजी मर्यादित अधिकाराचे पत्र आले. पण नियमाने दुकानाला कुलूप लागते, पहारा आपणच द्यावा लागतो. तेव्हा एवढे कराच. डिपॉझिटरीकडून येणारा उतारा दर महिन्याला उघडून दलालाच्या हिशेबाशी ताडून पाहा. खात्यात मोबाइल नंबर स्वतःचा नोंदवा. दलालाच्या माणसाचा किंवा शेजाऱ्याचा नको. मोबाइलवर आलेला ओटीपी कोणालाही सांगू नका. पूर्वी सही केलेले मुखत्यारपत्र अजून चालू असेल तर ते लेखी रद्द करून घ्या. वापरात नसलेली रक्कम दलालाकडे पडू देऊ नका, बँकेत परत मागवा.

शेअर घ्यावेत की नाही, हा ज्याचा त्याचा प्रश्न आहे. पण घेतले असतील तर ते कोणाच्या नावावर पडले आहेत, हे पाहायला लाज वाटण्याचे कारण नाही. गोदामातले तागे आपण मोजून घेतोच. खात्यातले शेअरही तसेच मोजून घ्या.