लेकराला मैदानाच्या कडेला बसवू नका



शाळेच्या मैदानावरचे एक दृश्य आपण सर्वांनी पाहिले आहे. पी.टी.चा तास सुरू असतो. पोरे धावत असतात, कबड्डीची रेघ मारलेली असते, सरांची शिट्टी वाजत असते. आणि एका बाजूला झाडाच्या सावलीत एक मूल एकटेच बसलेले असते. त्याचा एक पाय अधू असतो. त्याच्यापुढे सगळ्या वर्गाच्या चपलांचा ढीग असतो. 'तू खेळू नकोस बाळ, तू इथं बस आणि चपला सांभाळ,' असे त्याला सांगितलेले असते. सांगणाऱ्याच्या मनात वाईट नसते. पोर पडेल, लागेल, ही काळजीच असते. पण त्या काळजीपायी ते मूल शाळेची सगळी वर्षे चपलाच सांभाळते.

आज अशाच एका मुलाची हकीकत सांगायची आहे. तो मात्र चपलांपाशी बसला नाही. त्याचे नाव मरियप्पन थंगवेलू. खेळ उंच उडी.

तामिळनाडूच्या सेलम जिल्ह्यात पेरियवडगमपट्टी नावाचे खेडे आहे. जून १९९५ मध्ये मरियप्पन तिथे जन्मला. घरात भावंडे बरीच आणि कमावणारे हात थोडे. बाप घर सोडून गेलेला. आई सरोजा हिने आधी डोक्यावर विटा वाहिल्या, पुढे भाजी विकायला सुरुवात केली. दिवसाला शंभर रुपयांच्या आसपास हातात पडत. आपल्या वाचकांना या शंभर रुपयांचा हिशेब समजावून सांगण्याची गरज नाही. पहाटे उठून भाजी आणणारी, संध्याकाळी उरलेली भाजी पडत्या भावात देऊन घरी परतणारी आई आपल्यातल्या अनेकांच्या घरात होती आणि आजही आहे.

मरियप्पन पाच वर्षांचा असताना शाळेला निघाला होता. वाटेत बसखाली आला आणि उजवा पाय गुडघ्याखाली चिरडला गेला. जीव वाचला, पण पाय कायमचा अधू झाला. उपचारांसाठी आईने तीन लाखांचे कर्ज काढले. दिवसाला शंभर रुपये कमावणाऱ्या बाईच्या डोक्यावर तीन लाखांचे ओझे! मुलगा एकवीस वर्षांचा होऊन जगातले सर्वांत मोठे पदक जिंकून आला, तेव्हाही हे कर्ज फिटले नव्हते, असे तेव्हाच्या वर्तमानपत्रांत छापून आले होते.

अशा घरातला मुलगा उंच उडीकडे वळला कसा? त्याला खेळाची आवड होतीच, आणि सुरुवातीला तो रमत होता व्हॉलीबॉलमध्ये. शाळेतल्या पी.टी.च्या शिक्षकांनी त्याला पाहिले. त्याच्या उडीत काही वेगळे आहे हे त्यांनी ओळखले आणि उंच उडी मारून बघ म्हणून सांगितले. बंधू-भगिनींनो, या हकीकतीतली सर्वांत मोठी गोष्ट हीच आहे, असे मला वाटते. ही गोष्ट पदकाच्याही आधीची आणि पदकापेक्षा मोठी. एका शिक्षकाने अधू पायाच्या मुलाकडे पाहिले आणि त्याला सावलीत बसायला न सांगता 'तूही उडी मार' असे म्हटले.

चौदा वर्षांचा असताना मरियप्पन एका स्पर्धेत उतरला. ती अपंगांची वेगळी स्पर्धा नव्हती. दोन्ही पाय धड असलेल्या मुलांच्या रांगेत तो उभा राहिला आणि दुसरा आला. पाहणारे थक्क झाले. त्याला मात्र त्यात नवल वाटले नसावे.

ज्यांनी उंच उडी जवळून पाहिलेली नाही, त्यांच्यासाठी थोडे सांगतो. दोन खांबांवर एक आडवी काठी ठेवलेली असते. धावत यायचे, एका पायाने जमीन सोडायची आणि काठी न पाडता पलीकडे जायचे. दोन्ही पायांनी उडी मारलेली चालत नाही, असा नियमच आहे. सगळे शरीर एका पायाच्या जोरावर उचलावे लागते. प्रत्येक वेळी काठी थोडी वर चढते. ओळीने तीन प्रयत्न फसले की खेळ संपला. बहुतेक वेळा जिंकणाऱ्याच्या स्पर्धेचा शेवटही काठी पडूनच होतो, कारण सगळे हरले तरी तो आणखी वरची काठी मागतो. म्हणून या खेळात पडण्याची लाज बाळगून चालत नाही. शंभर वेळा काठी पाडल्यावाचून एकशे एकाव्या वेळी ती ओलांडता येत नाही.

आपल्या धम्मात दहा पारमिता सांगितल्या आहेत. त्यातली एक वीर्य पारमिता. हाती घेतलेल्या कामातून माघार न घेता, अंगातले सगळे बळ लावून ते पार पाडणे म्हणजे वीर्य. विहारात आपण हा शब्द ऐकतो आणि घरी जातो. काठी पाडून पुन्हा धावायला मागे वळणाऱ्या या मुलाला पाहिले की त्या शब्दाचा अर्थ लहान पोरांनाही कळेल.

२०१३ साली अपंगांच्या राष्ट्रीय स्पर्धेत प्रशिक्षक सत्यनारायण यांची नजर मरियप्पनवर पडली. त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या कर्नाटकच्या गिरीश नागराजेगौडा याने २०१२ च्या लंडन पॅरालिंपिकमध्ये उंच उडीचे रौप्यपदक मिळवले होते. त्या वर्षी भारताला मिळालेले ते एकमेव पदक. पॅरालिंपिक म्हणजे अपंग खेळाडूंची ऑलिंपिकसारखीच जागतिक स्पर्धा. २०१५ मध्ये सत्यनारायण यांनी मरियप्पनला बंगळूरला सरावासाठी नेले. मार्च २०१६ मध्ये ट्युनिशियातल्या स्पर्धेत त्याने १.७८ मीटरची उडी मारली आणि ब्राझीलमधल्या रिओ पॅरालिंपिकचे दार उघडले.

९ सप्टेंबर २०१६ रोजी रिओच्या मैदानावर मरियप्पनने १.८९ मीटरची काठी ओलांडली. म्हणजे सहा फूट दोन इंचांहून थोडे जास्तच. आपल्या घराच्या दाराची चौकट एकदा नजरेने मोजून पाहा. साधारण तेवढ्या उंचीवरून हा मुलगा पलीकडे गेला. सुवर्णपदक! अमेरिकेच्या सॅम ग्रेवीला रौप्य मिळाले आणि कांस्य मिळाले आपल्याच वरुण सिंग भाटीला. वरुणला लहानपणी पोलिओ झालेला. तिघांपैकी दोघे भारताचे.

पॅरालिंपिकमध्ये सुवर्ण जिंकणारा मरियप्पन हा तिसरा भारतीय. दुसरे भालाफेकीतले देवेंद्र झाझरिया, २००४ सालचे. आणि पहिले आपल्या महाराष्ट्राचे, सांगली जिल्ह्यातले मुरलीकांत पेटकर. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून अपंग झालेल्या या जवानाने १९७२ साली जर्मनीतल्या हायडेलबर्ग येथे पोहण्यात सुवर्णपदक मिळवले. त्यांना पद्मश्री मिळाली ती २०१८ मध्ये. शेहेचाळीस वर्षांनी! आपल्या शाळांतल्या किती मुलांना त्यांचे नाव माहीत आहे?

मरियप्पनच्या वेळी काळ बदलला होता. तामिळनाडू सरकारने त्याला दोन कोटी रुपये जाहीर केले. २०१७ मध्ये पद्मश्री आणि अर्जुन पुरस्कार, २०२० मध्ये खेलरत्न मिळाले. चांगलेच झाले, ते त्याचे हक्काचे होते. पण कोटी आले पदकानंतर. पदकाआधीच्या सोळा वर्षांत त्या घरात काय आले? आईची भाजीची कमाई, डोक्यावरचे कर्ज, एका शिक्षकाची नजर आणि एका प्रशिक्षकाचे कष्ट. जिंकलेल्याच्या गळ्यात हार घालायला सगळे गाव येते. गरज असते ती त्याच्या आधी, पोर चौदा वर्षांचे असताना, बुटांच्या एका जोडाची आणि मैदानावर जाण्यासाठी बसच्या भाड्याची.

पुढची वाटही सरळ नव्हती. २०१८ मध्ये जकार्ताच्या आशियाई पॅरा स्पर्धेत देशाचा झेंडा त्याच्या हाती होता. तिथे रिओच्या सुवर्णवीराला १.६७ मीटरवर थांबावे लागले, कांस्य मिळाले. २०२१ मध्ये झालेल्या टोकियो पॅरालिंपिकमध्येही झेंडा त्याच्याच हाती असायचा होता. पण प्रवासात करोनाची लागण झालेल्या माणसाशी संपर्क आला, म्हणून त्याला वेगळे राहावे लागले आणि झेंडा टेकचंद याने धरला. स्पर्धेच्या दिवशी पाऊस लागला. अधू पायातला मोजा भिजला, उडी मारणे कठीण झाले. तरी १.८६ मीटर पार करून त्याने रौप्य आणले. २०२४ च्या मे महिन्यात जपानमधल्या कोबे येथे १.८८ मीटरच्या उडीने तो जगज्जेता झाला आणि त्याच वर्षी पॅरिसमध्ये १.८५ मीटरवर कांस्य मिळाले. सलग तीन पॅरालिंपिकमध्ये पदके मिळवणारा तो पहिला भारतीय ठरला.

आता आपल्या घरांविषयी बोलू.

साताऱ्याच्या शाळेत छोट्या भीमरावाला घरून आणलेल्या गोणपाटावर सगळ्यांपासून वेगळे बसावे लागे, हे आपल्या घरातल्या लहान मुलालाही पाठ आहे. ते ऐकताना आजही आपला जीव जळतो. मग आपल्याच घरात, आपल्याच वस्तीत, अधू पायाचे किंवा अधू हाताचे पोर वेगळे बसते, तेव्हा आपल्याला काहीच का वाटू नये? दोन्ही दुःखे एक नाहीत, हे मी जाणतो. एकाच्या मागे जातीचा द्वेष होता, दुसऱ्याच्या मागे बहुतेक वेळा माया असते. पण बाजूला बसणाऱ्या मुलाच्या मनात जे घडते ते सारखेच असते. मी इतरांसारखा नाही, हे ते मूल रोज शिकते. बाबासाहेबांनी आपल्याला गोणपाटावरून उठवले. आपणच दुसऱ्यासाठी गोणपाट अंथरायचे काय?

काही घरांत तर पाहुणे आले की अपंग मुलाला आतल्या खोलीत पाठवतात. मुलगी असेल तर विचारूच नका. तिची शाळा आधी सुटते. 'हिचं लग्न कसं व्हायचं' या एकाच प्रश्नावर तिचे बालपण संपते. अशा आई-बापांनी नांदेड जिल्ह्याच्या भाग्यश्री जाधव हिचे नाव लक्षात ठेवावे. चाकाच्या खुर्चीवरून वावरणारी, गोळाफेक करणारी ही आपल्या मराठवाड्याची लेक. २०२४ च्या पॅरिस पॅरालिंपिकच्या उद्घाटनात भारताचा झेंडा घेणाऱ्या दोघांपैकी ती एक होती. त्याच पॅरिसमध्ये सांगली जिल्ह्याच्या सचिन खिलारी याने अधू हात असताना १६.३२ मीटर गोळा फेकून रौप्यपदक आणले.

प्रत्येक मूल पदक आणेल असे मी म्हणत नाही. धडधाकट मुलांतही लाखात एखादा ऑलिंपिकला जातो. खेळातून पदक नाही मिळाले तरी मित्र मिळतात, अंगात बळ येते, हरल्यावर पुन्हा उभे राहण्याची सवय लागते. आपल्या पोराला तेवढे मिळाले तरी पुष्कळ आहे.

आणि ही काही मेहरबानी नाही, हा हक्क आहे. अपंगांच्या हक्कांचा २०१६ चा कायदा २०१७ पासून लागू झाला. सरकारी मदतीच्या किंवा सरकारमान्य शाळेने अशा मुलाला भेदभाव न करता प्रवेश द्यावा आणि खेळाची संधीही इतरांच्या बरोबरीने द्यावी, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे. चाळीस टक्के किंवा त्याहून जास्त अपंगत्वाचा दाखला असलेल्या मुलाला सहा ते अठरा वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क आहे. सरकारी आणि अनुदानित उच्च शिक्षण संस्थांत किमान पाच टक्के जागा, सरकारी नोकरीत किमान चार टक्के जागा राखीव आहेत. या सगळ्याची किल्ली म्हणजे अपंगत्वाचा दाखला. अजून काढला नसेल तर या महिन्यात काढा. अर्ज संगणकावरून भरावा लागतो. वस्तीतल्या शिकलेल्या पोरांनी विहारात एक रविवार बसून असे अर्ज भरून दिले, तर ते मोठे धम्मकार्य होईल.

शाळेत पालकसभा असेल तेव्हा आईने किंवा बापाने उभे राहून एवढेच विचारावे, 'सर, पी.टी.च्या तासाला माझं पोरगं काय करतं?' उत्तर 'बसतं' असे आले, तर नम्रपणे पण ठामपणे सांगावे, 'त्याला बसवू नका. जमेल ते करू द्या. पडलं तर उठेल.'

सेलमच्या भाजीवाल्या सरोजाबाईंच्या लेकाने किती वेळा काठी पाडली असेल, याची मोजदाद कोणी ठेवली नाही. तो प्रत्येक वेळी उठला, एवढे खरे. आपल्याही लेकराला पडायची आणि उठायची संधी मिळू द्या. चपला काय, कोपऱ्यात एका रांगेत ठेवल्या तरी राहतात.

जय भीम!