आयत्या बिळावर नागोबा

लॅपटॉपवरची जागा संपली की आपल्या घरांत पहिली कुऱ्हाड कशावर पडते? स्वतःच्याच फोटोंवर! हे मी इतक्या ठिकाणी पाहिलंय की आता त्याचा राग यायला लागलाय. डिस्क भरल्याची लाल पट्टी दिसली की मुंजीचे व्हिडिओ पेनड्राइव्हवर जातात, पेनड्राइव्ह ड्रॉवरमध्ये जातो आणि ड्रॉवरमधून तो कुठे जातो हे ब्रह्मदेवालाही ठाऊक नसतं. आजीच्या आवाजात रेकॉर्ड केलेल्या ओव्या "एवढं कोण ऐकतंय" म्हणून उडवल्या जातात. आणि त्याच लॅपटॉपवर कुणी न मागितलेले, कुणी एकदाही न उघडलेले चार-पाच गेम्स तंगड्या पसरून बसलेले असतात. त्यांना हात लावायची कुणाची छाती होत नाही. का? तर म्हणे, "ते कंपनीनेच दिलेत, काढले तर काहीतरी बिघडेल."

माझं भांडण आहे ते या वाक्याशी.

मंडळी, काहीही बिघडत नाही. गेम म्हणजे विंडोज नव्हे आणि ड्रायव्हरही नव्हे. तो काढला तर तो गेम चालणार नाही, बास. पण विकत आणलेल्या वस्तूत दुकानदाराने आधीच ठेवलेलं सामान म्हणजे जणू देवाने दिलेलं, अशी आपली समजूत. फ्लॅटचा ताबा घेताना आतल्या खोलीत बिल्डरचा मेव्हणा पत्ते खेळत बसलेला दिसला, तर आपण सोसायटी डोक्यावर घेऊ. इथे मात्र त्याला चहा देतो!

जागेचा हिशोबही एकदा बघा. खोक्यावर २५६ जीबी छापलेलं असतं, विंडोज दाखवते साधारण २३८. यात लबाडी नाही, मोजमाप वेगळं आहे. बनवणारे १०० कोटी बाइट्सना एक जीबी धरतात, विंडोज १०७ कोटी ३७ लाखांच्या वर. पण त्या २३८ मधून विंडोजचा स्वतःचा संसार वजा करा, कंपनीने राखून ठेवलेला भाग वजा करा, अपडेट्सना लागणारी मोकळी जागा वजा करा. उरतं ते तुमचं. त्यातही हे पाहुणे.

कुणी म्हणेल, विंडोजमध्ये पूर्वीपासून गेम्स असायचेच की. होते ना! १९९० साली विंडोज ३.० बरोबर सॉलिटेअर आला. माउसने वस्तू धरून ओढायची आणि सोडायची कशी, हे लोकांच्या हाताला शिकवायला त्याचा उपयोग होता. एका फ्लॉपीत मावेल एवढा तो गेम. पैसे मागत नव्हता, जाहिरात दाखवत नव्हता. ऑफिसातल्या कितीतरी साहेबांनी संगणकाची भीती त्याच्याच जोरावर घालवली. तो घरचा होता. २०१५ साली विंडोज १० आली तेव्हा तोच सॉलिटेअर जाहिराती घेऊन आला, आणि जाहिराती नको असतील तर वर्गणी भरा म्हणाला. सोबतीला कँडी क्रश आपोआप येऊन बसला. घरचा माणूस सेल्समन झाला, तो हा असा.

आणि घाण काढायचेही पैसे मागणारे निघाले! २००८ साली सोनीने अमेरिकेत आपल्या काही वायो लॅपटॉपवर 'फ्रेश स्टार्ट' नावाची सोय देऊ केली. ट्रायल सॉफ्टवेअर आणि गेम्स काढून, डिस्क मोकळी करून लॅपटॉप देऊ, म्हणाले. किंमत सुमारे ५० डॉलर. म्हणजे आम्हीच भरलेला कचरा आम्हीच उचलू, मजुरी तुमची. लोकांनी असा काही आरडाओरडा केला की लगोलग ते पैसे रद्द झाले. ओरडल्यावर ऐकू जातं, हा यातला धडा.

"अहो, या गेम्समुळेच लॅपटॉप स्वस्त मिळतो" हा युक्तिवाद मला नेहमी ऐकवला जातो. मिळत असेल. मग ते बिलावर लिहा ना. अमुक रुपये सूट, बदल्यात अमुक गेम्स, हवेत की नकोत? ग्राहकाला हो-नाही म्हणायची संधीच न देता केलेल्या सौद्याला सवलत म्हणत नाहीत.

युरोपने हे ओळखलं. तिथल्या डिजिटल मार्केट्स कायद्यानुसार, त्यात मोडणाऱ्या बड्या कंपन्यांना ७ मार्च २०२४ पासून, यंत्रणा चालायला अत्यावश्यक नसलेली अ‍ॅप्स सहज काढू द्यावी लागतात. आपल्याकडे २०२५ च्या नोव्हेंबरअखेर सरकारने नव्या मोबाइल फोनवर 'संचार साथी' अ‍ॅप आधीच घालून द्यायला सांगितलं, तेव्हा देशभर गदारोळ झाला आणि ३ डिसेंबरला ती सक्ती मागे घेतली गेली. उत्तम झालं. पण सरकारने न विचारता घातलं तर घुसखोरी आणि कंपनीने घातलं तर भेट, हा कुठला न्याय?

आता थोडं घरच्या लोकांनाही सुनावतो. आयते आलेले सगळेच गेम्स जागा खातात असं नाही. काही तर नुसतं चिन्ह असतात, त्यावर क्लिक केलं की मग खरे उतरतात. ढिगाने जागा खातात ते आपल्या चिरंजीवांनी आणलेले. २०१९ साली पीसीवर आलेल्या 'रेड डेड रिडेम्पशन २' ला १५० जीबी जागा लागते. वर सांगितलेल्या २३८ मधले १५०! मुलगा शिकायला हैदराबादला गेला, त्याला दोन वर्षं झाली, पण गेम अजून गादीवर. आणि आई मात्र लग्नाचे फोटो निवडून निवडून उडवतेय. त्याला एक फोन करा, खेळाची प्रगती साठवून ठेवायचीय का विचारा, आणि काढून टाका.

काढायचं म्हणजे डेस्कटॉपवरचं चिन्ह पुसायचं नव्हे. ते म्हणजे दारावरची पाटी काढून भाडेकरू गेला म्हणण्यासारखं आहे. विंडोज ११ मध्ये सेटिंग्जमधून अ‍ॅप्स, त्यात इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स उघडा, यादी आकारानुसार लावा आणि नावापुढच्या तीन टिंबांवर टिचकी मारून अनइन्स्टॉल करा. स्टीमवरून घेतलेले गेम स्टीममधूनच काढा. मग डाउनलोड्सच्या फोल्डरमध्ये पडलेल्या इन्स्टॉलरच्या फाइल्स शोधा आणि शेवटी रिसायकल बिन रिकामी करा. यासाठी कुठलाही 'क्लीनर' विकत घ्यायची गरज नाही. तो आणखी एक पाहुणाच.

गेम्सशी माझं वैर नाही. ज्याला खेळायचंय त्याने खुशाल खेळावं. गेम पुन्हा उतरवता येतो, हवा तेव्हा, हवा तितक्या वेळा. आजीच्या ओव्या कुठल्याही स्टोअरवरून पुन्हा उतरवता येत नाहीत. तेव्हा पुढच्या वेळी लाल पट्टी दिसली की काय ठेवायचं आणि काय काढायचं, हा क्रम जरा उलटा करा, एवढंच माझं म्हणणं.