नाद आणि काल

आमच्या नातवाने सुटीत एक विज्ञानकथा रचली. तीत नागपूरची एक संशोधनसंस्था नादाच्या बळावर काळ लांबवते. कल्पना मोहक खरी! जयंत नारळीकरांनी १९७४ साली ‘नारायण विनायक जगताप’ या टोपणनावाने मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली, ती प्रथम आली. परंतु तेथे काळ मंदावतो तो गुरुत्वाकर्षणामुळे. ध्वनीला ते सामर्थ्य नाही. निर्वातात तर तो जातही नाही. तत्त्वार्थसूत्राच्या पाचव्या अध्यायातही शब्द हा पुद्गलाचा पर्याय आहे, काल निराळा.

तथापि काळ मोजून देण्याचे काम नादाने शतकानुशतके केले. तळाला छिद्र असलेले घटिकापात्र पाण्यात बुडाले की घड्याळजी टोला देई : २४ मिनिटे झाली. अशा दोन घटिका म्हणजे एक मुहूर्त, आपल्या सामायिकाची ४८ मिनिटे.

हे सांगून नातवाला सामायिकास बसवले. बाहेर इतवारीतले भोंगे चालूच होते. विसाव्या मिनिटाला तो कुजबुजला (सामायिकात बोलू नये, हे विसरून), “आजोबा, काळ थांबला की काय?”

कथेतील ध्वनियंत्र त्याने आता काढून टाकले आहे. शास्त्रज्ञ नुसते मौन धरून बसतात.